मालाडचा छायालेखक : योझेफ विर्शिंग

(गोडदेव, भाईंदर पूर्व येथील स्मृती व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा मुद्रित पाठ)





भाईंदरहून चर्चगेटकडे जाणारी धीमी लोकल पकडली की पाचवं स्टेशन मालाड. तिथे पश्चिमेला उतरून थोडं चाललं की एक जुनं आवार लागतं. आज तिथे लहानमोठे कारखाने, गाळे आणि दुकानं आहेत. मधेच काही पडक्या भिंती उभ्या आहेत. नाव मात्र लोकांच्या तोंडी अजून तेच आहे, बॉम्बे टॉकीज. १९३४ साली हिमांशु राय आणि देविका राणी यांनी एफ. ई. दिनशा यांच्या इथल्या जागेत स्टुडिओ उभारला. भागभांडवलाची रीतसर कंपनी होती. संचालकांत चिमणलाल सेटलवाड यांच्यासारखी माणसं होती. या स्टुडिओबद्दल बोलताना आपण अशोककुमार, देविका राणी, लीला चिटणीस, मधुबाला ही नावं घेतो. हे चेहरे ज्यांनी आपल्याला दाखवले, त्यांत सर्वांत आधी येतो म्युनिकहून आलेला योझेफ विर्शिंग. आजचं व्याख्यान त्याच्या कारकिर्दीवर आहे.

जन्म म्युनिकचा, साल १९०३. मृत्यू मुंबईचा, साल १९६७. बाविसाव्या वर्षी तो पहिल्यांदा हिंदुस्थानात आला आणि अखेरचा चित्रपट अर्धा ठेवून इथेच गेला. मला आज एकच गोष्ट मांडायची आहे. विर्शिंगबद्दल लिहिताना त्याला ‘जर्मन तंत्रज्ञ’ म्हणून एका ओळीत उरकतात, जणू तो यंत्रं जोडायला आलेला पाहुणा होता. माझं म्हणणं असं आहे की त्याची कला इथे घडली. तो जे घेऊन आला त्यापेक्षा इथे कमावलेलं जास्त मोलाचं आहे. म्हणून त्याचं नाव अवधूत आणि धायबर यांच्या पंगतीत घेतलं पाहिजे.

ही पंगत कोणती, ते आधी सांगतो. आपल्याकडे दिग्दर्शक आणि नट यांचीच नावं टिकतात. ‘राजा हरिश्चंद्र’ म्हटलं की फाळके आठवतात, ते योग्यच आहे. पण १९१३ साली त्या चित्रपटाचा कॅमेरा फिरवणारे त्र्यंबक तेलंग किती जणांना आठवतात? बाबूराव पेंटरांनी कोल्हापुरात दामल्यांना हाताशी धरून कॅमेरा घरच्या घरी बनवला, हे आपण अभिमानाने सांगतो. ‘अमृतमंथन’मध्ये चंद्रमोहनचा पडदाभर डोळा दिसतो, तो केशवराव धायबरांनी टिपलेला. ‘संत तुकाराम’ व्ही. अवधूत यांनी चित्रित केला. हा चित्रपट १९३६चा. त्याच वर्षी मालाडमध्ये विर्शिंगने ‘अछूत कन्या’ चित्रित केला. एक पुण्यात, एक मालाडला, दोघांपुढे एकच अडचण होती. फिल्म, भिंगं, रसायनं सगळी परदेशी, आणि समोरचे चेहरे, ऊन आणि धूळ इथली. हे दोन्ही जुळवायचं कसं, याचं पुस्तक तेव्हा कुणी लिहिलेलं नव्हतं.

आता १९२५कडे जाऊ. हिमांशु राय त्याआधी लंडनमध्ये होते. बुद्धाच्या चरित्रावर चित्रपट काढायचा म्हणून भागीदार शोधत ते म्युनिकला पोचले. तिथे एमेल्का नावाची कंपनी होती. (त्याच साली त्याच कंपनीच्या स्टुडिओत आल्फ्रेड हिचकॉक नावाचा एक तरुण इंग्रज आपला पहिला चित्रपट करत होता.) एमेल्काने दिग्दर्शक म्हणून फ्रान्झ ऑस्टेन यांना दिलं, आणि कॅमेऱ्यासाठी विली कीरमायर आणि विर्शिंग यांना. ‘प्रेम संन्यास’ या नावाने तो चित्रपट आला, परदेशात ‘लाइट ऑफ एशिया’ म्हणून. चित्रीकरणाला जयपूरच्या महाराजांची मदत होती. हत्ती, महाल, माणसं सगळं खरं. त्या चित्रपटाची जाहिरात मोठ्या तोऱ्यात सांगत असे की यात स्टुडिओतले देखावे नाहीत, कृत्रिम दिवे नाहीत, रंगरंगोटी नाही.

‘कृत्रिम दिवे नाहीत’ हे शब्द वाचायला छान वाटतात. ते कॅमेरामनच्या बाजूने वाचून बघा. म्युनिकच्या स्टुडिओत प्रकाश त्याच्या हुकमतीत असतो. दिवा हलवला की सावली हलते. इथे राजस्थानचं ऊन. दुपारी बारा वाजता ते डोक्यावर येतं, डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतात, कपाळ पांढरं फटक होतं, नाकाखाली मिशीसारखी सावली. भाईंदरच्या मिठागरांवरून एप्रिलमध्ये जे चाललेत त्यांना ते ऊन ठाऊक आहे. वरूनही येतं आणि मिठाच्या पांढऱ्या ढिगांवरून उलटून खालूनही येतं. शिवाय मूकपटांच्या काळात सर्रास वापरली जाणारी फिल्म लाल रंगाला आंधळी होती. तांबूस कांतीचा चेहरा तिच्यावर गडद उठायचा आणि निळं आभाळ कोऱ्या कागदासारखं पांढरं. अशा फिल्मवर, अशा उन्हात, एकही दिवा न लावता बाविशीतल्या पोराने काम केलं. हे त्याचं खरं शिक्षण, असं मला वाटतं. सकाळचं तिरपं ऊन घ्यायचं, दुपारी कमानीच्या सावलीत माणूस उभा करायचा, पांढऱ्या भिंतीवरून परतणारा उजेड चेहऱ्यावर घ्यायचा. आज आपल्या काशिमीरा, घोडबंदर, नायगाव भागात मालिकांचं शूटिंग चालतं. तिथे थर्माकोलची पाटी धरून उभा असलेला माणूस नेमकं हेच करत असतो.

पुढे तो जर्मनीला परतला, आणि राय यांनी मालाडचा संसार मांडला तेव्हा पुन्हा आला. आता बोलपटांचा काळ होता. ऑस्टेन दिग्दर्शनाला, विर्शिंग कॅमेऱ्याला, प्रयोगशाळेत विल्हेल्म झोले, नेपथ्याला कार्ल फॉन श्प्रेटी. (हा श्प्रेटी पुढे पश्चिम जर्मनीचा राजदूत झाला आणि १९७० साली ग्वाटेमालामध्ये बंडखोरांनी पळवून नेऊन त्याला ठार मारलं. मालाडच्या सेटवर खांब आणि कमानी आखणारा माणूस कुठल्या कुठे जाऊन पोचला!) १९३५च्या ‘जवानी की हवा’पासून १९३९च्या ‘कंगन’पर्यंत ऑस्टेन आणि विर्शिंग यांनी एकामागून एक चित्रपट केले. वर्षाला तीन, कधी चार. ऑस्टेन यांना हिंदी येत नव्हतं. कथा आणि संवाद निरंजन पाल, जे. एस. कश्यप यांच्यासारखी मंडळी सांभाळत. अशा ठिकाणी कॅमेरामनची जबाबदारी वाढते, कारण दिग्दर्शकाला शब्द कळत नसतील तर तो चेहऱ्यावरच विसंबणार.

आणि चेहऱ्यांचंच बघा. अशोककुमार मालाडला आले ते प्रयोगशाळेत मदतनीस म्हणून. ऑस्टेन यांनी त्यांच्या जबड्याकडे बघून नटाच्या कामाला नकार दिला होता, अशी आठवण ते सांगत. १९३६ साली ‘जीवन नैया’च्या वेळी परिस्थिती अशी ओढवली की नायक म्हणून त्यांनाच उभं करावं लागलं. आता जबडा तर तोच. मग कॅमेरामन काय करतो? मुख्य दिवा थोडा वर चढवतो म्हणजे हनुवटीखाली सावली पडते आणि जबड्याची कड मानेत मुरते. चेहरा सरळ न घेता किंचित वळवून घेतो. मागून केसांवर एक बारीक दिवा देतो म्हणजे नजर वर जाते. प्रेक्षकाला यातलं काही कळत नाही, कळूही नये. त्याला फक्त एक देखणा, थोडा बुजरा तरुण दिसतो. त्या तरुणाने पुढची सहा दशकं हिंदी पडदा गाजवला.

‘अछूत कन्या’ आपल्यापैकी पुष्कळांनी दूरदर्शनवर पाहिला असेल. रेल्वे फाटकाच्या पहारेकऱ्याची मुलगी कस्तुरी आणि वाण्याचं दुकान चालवणाऱ्या ब्राह्मणाचा मुलगा प्रताप. शेवट त्याच फाटकावर होतो. धडधडत येणाऱ्या गाडीपुढे कस्तुरी हात पसरून धावते. रुळांच्या बाजूला राहणाऱ्या आपल्याला ते दृश्य जास्तच लागतं. पण मी तुम्हाला बाकीचा चित्रपट बघायला सांगतो. अंगण, दुकान, झाड, ओसरी. तिथला प्रकाश कसा आहे? मोकळा, समजूतदार, सगळीकडे सारखा पसरलेला. देविका राणीचा चेहरा तेवढा जास्त उजळ आणि तिच्या डोळ्यांत एक चमकता ठिपका कायम. बाकी काही चमत्कृती नाही.

हे मी मुद्दाम सांगतो आहे. विर्शिंगवर जे थोडंफार लिहिलं जातं त्यात एक तयार वाक्य हमखास सापडतं, की त्याने जर्मन अभिव्यक्तिवाद हिंदी चित्रपटात आणला. ‘कॅलिगरी’, ‘नॉस्फेराटू’ या चित्रपटांतल्या त्या लांब, वाकड्या सावल्या. वाक्य ऐटदार आहे, पण पडद्यावर तपासून बघितलं की टिकत नाही. एक तर तो त्या घराण्याचा नव्हता. ते अंधारे, तिरपे चित्रपट मुख्यतः बर्लिनकडचे, आणि विर्शिंग म्युनिकच्या कंपनीतला. दुसरं म्हणजे मालाडच्या पहिल्या पाच वर्षांतले त्याचे चित्रपट शांत प्रकाशाचे आहेत. अंधार आणायचाच असता तर त्याला १९३५ सालीच कुणी अडवलं नसतं. अंधार आला तो १९४९ला, ‘महल’मध्ये. म्हणजे तो पहिल्यांदा इथे उतरला त्याला चोवीस वर्षं होऊन गेल्यावर. गावाहून आणलेलं बियाणं चोवीस वर्षं कुणी पोत्यात ठेवत नाही. ‘महल’चा अंधार मालाडमध्येच उगवला.

या दोन टोकांच्या मधे तुरुंग आहे.

१९३९च्या सप्टेंबरात युद्ध सुरू झालं. हिंदुस्थानात राहणारे जर्मन नागरिक एका रात्रीत शत्रू ठरले. बॉम्बे टॉकीजचे जर्मन तंत्रज्ञ पकडले गेले. या माणसांची रवानगी जिथे झाली त्या छावण्यांची नावं आपल्या ओळखीची आहेत. अहमदनगर, देवळाली, सातारा आणि पुढे उत्तरेला डेहराडून. सप्टेंबरपर्यंत दिवे चढवणारा माणूस तारेच्या कुंपणाआड गेला आणि युद्ध संपेपर्यंत तिथेच राहिला. छत्तीस ते बेचाळीस हे वय. छायालेखकाच्या आयुष्यात याच वर्षांत हात बसलेला असतो आणि डोळाही तल्लख असतो.

इथे एक अवघड गोष्ट आहे, ती बाजूला सारून चालणार नाही. ऑस्टेन १९३६ साली नाझी पक्षाचे सभासद झाले होते. ‘अछूत कन्या’सारखा जातिभेदाच्या विरोधातला चित्रपट करणारा माणूस त्याच वर्षी तिकडे वंशाचं राजकारण करणाऱ्या पक्षात नाव घालतो, ही विसंगती मला आजही सोडवता आलेली नाही. ती सोडवल्याचा आव मी आणणार नाही. वय झालेलं होतं म्हणून ऑस्टेन यांना लवकर सोडण्यात आलं आणि ते मायदेशी परतले. विर्शिंग मात्र गजाआडच राहिला. त्याला ऑस्टेन यांचं माप लावणं मला न्याय्य वाटत नाही. सुटका झाल्यावर त्याने कुठे जायचं ठरवलं, ते मी महत्त्वाचं मानतो. तो मालाडला परतला.

तोवर मालाड बदललं होतं. मे १९४० मध्ये हिमांशु राय वारले. देविका राणींनी काही वर्षं गाडा ओढला. अशोककुमार आणि शशधर मुखर्जी फुटून गोरेगावला गेले आणि त्यांनी फिल्मिस्तान काढलं. १९४५ला देविका राणींनीही स्टुडिओ सोडला. पण या काळात बॉम्बे टॉकीज बंद पडलं नाही, ही गोष्ट मला फार मोठी वाटते. जर्मन मंडळी एका दिवसात गेली आणि तरी कॅमेरे चालू राहिले. कारण त्यांच्या हाताखाली माणसं तयार झाली होती. विर्शिंगच्या जागी आर. डी. परींजा उभे राहिले. १९४३चा ‘किस्मत’ परींजांनी चित्रित केला, आणि तो कलकत्त्याच्या रॉक्सी थिएटरात तीन वर्षांहून जास्त चालला. संकलक दत्ताराम पै. ध्वनिमुद्रक सावक वाच्छा. लीला चिटणीस ‘कंगन’मध्ये आल्या, तेव्हा कॅमेऱ्यामागे विर्शिंग होता. पुढच्या वर्षी त्यांचा ‘बंधन’ आला, तेव्हा तो छावणीत होता. स्नेहप्रभा प्रधान ‘पुनर्मिलन’साठी मालाडला आल्या तेव्हाही नव्हता. एका कारागिराची परीक्षा तो नसताना होते. विर्शिंग या परीक्षेत पूर्ण उतरला.

आता ‘महल’. दिग्दर्शक कमाल अमरोही, हा त्यांचा पहिलाच चित्रपट. संगीत खेमचंद प्रकाश यांचं, संकलन बिमल रॉय यांचं. नायिका मधुबाला, वय वर्षं सोळा. एक ओस पडलेला वाडा, पावसाळी रात्र, भिंतीवर एक तसबीर आणि ती तसबीर हुबेहूब नायकासारखी. घड्याळात दोनचे ठोके पडतात आणि गाणं सुरू होतं. ते गाणं तुम्हाला सांगायची गरज नाही. तबकडीवर सुरुवातीला गायिकेचं नाव ‘कामिनी’ असं छापलं होतं, म्हणजे पात्राचं नाव. लता मंगेशकर हे नाव लोकांनी पत्रं लिहून विचारल्यावर पुढे आलं. आवाजाला नाव मिळवायला एवढं झगडावं लागलं. प्रकाशाला नाव कोण देणार?

वाड्यातल्या त्या रात्रीच्या प्रसंगात विर्शिंगने काय केलं ते थोडं बारकाईने पाहू.

पहिली गोष्ट, अंधार चित्रित करायला उजेड लागतो. त्या काळची फिल्म आजच्या मानाने फार मंद होती. खरोखरचा अंधार तिच्यावर नुसता काळा चिखल होऊन उमटतो. म्हणून आधी दिवे लावायचे आणि मग ते अडवायचे. सेटच्या वर लाकडी फळ्यांचा माळा टांगलेला असतो, त्याला आपल्याकडे तराफा म्हणतात. त्या तराफ्यावर लाइटमन बसलेले. एकेक दिवा एवढा तापलेला की हात लावायची सोय नाही. खालून आवाज येतो, जरा डावीकडे, थोडा खाली, कटर लाव. दिव्यापुढे लाकडी किंवा लोखंडी पट्टी धरून त्याचा उजेड अर्धा कापतात, तो कटर. ‘महल’च्या वाड्यात भिंतीच्या कोपऱ्यात जो काळोख साचलेला दिसतो, तो असा दिवा कापून कापून तयार केलेला आहे.

दुसरी गोष्ट, त्याने मागून दिलेला प्रकाश. नायक अशोककुमार जिना चढतो तेव्हा चेहऱ्यावर फारसं काही नाही. खांद्यावर आणि केसांच्या कडेवर एक पातळ रेघ आहे. तेवढ्या रेघेमुळे माणूस पार्श्वभूमीपासून सुटा होतो. आपल्याला तो दिसतो, पण त्याच्या मनात काय आहे ते दिसत नाही. भयाच्या चित्रपटात प्रेक्षकाला नेमकं एवढंच दाखवायचं असतं.

तिसरी गोष्ट मला सर्वांत आवडते. या वाड्यात प्रकाश हलता आहे. झुंबर झोके घेतं. कुणीतरी झोपाळ्यावर बसलेलं आहे, ते उजेडात येतं आणि पुन्हा अंधारात जातं. पाण्यावर होडी आहे. स्थिर दिवा लावून चेहरा सुंदर करणं ही पहिल्या पाच वर्षांतली विद्या. इथे तो चेहरा हातातून निसटू देतो. मधुबालाचा एवढा देखणा चेहरा समोर असताना तो पुरता दाखवायचा नाही, हे कोणत्याही कॅमेरामनला जड जाईल. विर्शिंगने तो मोह आवरला. म्हणूनच तिचा चेहरा नीट समोर येतो तेव्हा प्रेक्षकांचा श्वास अडकतो.

हा अंधार छावणीतून आला का? असं म्हणायचा मोह होतो. मी म्हणणार नाही. कथा भुताची होती, दिग्दर्शकाला वाडा हवा होता, दोन महायुद्धांमधल्या काळाच्या मानाने फिल्म आणि दिवे सुधारले होते, आणि माणूस शेहेचाळिशीचा झाला होता, हात पिकला होता. एवढी कारणं पुरेशी आहेत.

थोडं बाहेर डोकावू. दुसऱ्या देशात जाऊन तिथला प्रकाश शिकलेले छायालेखक जगात आणखी आहेत. १९५६ साली बुडापेस्टमध्ये रशियन रणगाडे शिरले तेव्हा विल्मोश झिगमोंद आणि लास्लो कोवाच या दोन हंगेरियन तरुणांनी रस्त्यावर कॅमेरा चालवला आणि ती फिल्म घेऊन ऑस्ट्रियाची सीमा ओलांडली. पुढे अमेरिकेत पोचल्यावर हातात कामच नव्हतं. मिळेल ते करत दहा वर्षं गेली. मग १९६९ला कोवाचने ‘इझी रायडर’ केला, १९७१ला झिगमोंदने ‘मॅक्केब अँड मिसेस मिलर’, आणि अमेरिकन चित्रपटाचा रंगच बदलला. झिगमोंद मूळ फिल्मवरच थोडा उजेड पाडून घ्यायचा, त्याने सावल्या विरळ व्हायच्या आणि पडद्यावर जुन्या फोटोसारखी धुकट झाक यायची. स्टुडिओवाले वैतागायचे. ‘क्लोज एन्काउंटर्स ऑफ द थर्ड काइंड’साठी त्याला ऑस्कर मिळालं. आज अमेरिकन लोक या दोघांना आपले छायालेखक म्हणतात. हंगेरियन पाहुणे म्हणत नाहीत. विर्शिंगच्या वाट्याला आपल्याकडून हे यायचं राहिलं आहे. त्याने या देशात फक्त चित्रपट केले असं नाही, त्याने इथली कैदही भोगली. तेवढ्यावरही तो इथला ठरतो.

बॉम्बे टॉकीज १९५४च्या सुमारास संपलं. अखेरचा ‘बादबान’ कामगारांनीच पुढाकार घेऊन काढला, ही आठवण कामगारवस्त्यांतून आलेल्या माणसांनी तरी जपावी अशी आहे. विर्शिंग कमाल अमरोहींबरोबर राहिला. १९६०चा ‘दिल अपना और प्रीत पराई’ त्याने चित्रित केला, दिग्दर्शक किशोर साहू. मीनाकुमारी त्यात परिचारिका आहे, म्हणजे बहुतेक वेळ पांढऱ्या गणवेशात, पांढऱ्या भिंतींच्या इस्पितळात. कृष्णधवल चित्रपटात पांढऱ्यावर पांढरं ही कॅमेरामनची सत्त्वपरीक्षा. गणवेश भाजून निघाला की चेहरा काळवंडतो, चेहरा सांभाळला की गणवेश मळका दिसतो. त्या चित्रपटात तिचा गणवेश शुभ्र राहतो आणि त्यावरचा चेहरा थकलेला, मायाळू, पूर्ण वाचता येतो. नावेतल्या पार्टीच्या गाण्यावर लोक फिदा असतात, मीही आहे. पण छायालेखनाच्या विद्यार्थ्याने इस्पितळातले साधे प्रसंग बघावेत.

आणि मग ‘पाकीजा’. १९५६ साली मुहूर्त. आधी कृष्णधवल, मग रंगीत, मग सिनेमास्कोप. प्रत्येक वेळी आधीचं काम बाजूला. कोठ्यावरचं पहिलं गाणं आधी कृष्णधवल चित्रित झालं होतं, ते आजही बघायला मिळतं. ते आणि चित्रपटातलं रंगीत गाणं अशी दोन्ही लागोपाठ बघितली तर एक माणूस आयुष्याच्या उत्तरार्धात नव्याने कसा शिकतो ते समजतं. सिनेमास्कोपचा पडदा रुंद. माणूस मधे उभा केला की दोन्ही बाजूंना मोकळी जागा उरते, आणि ती भरायची कशी हा प्रश्न येतो. ‘पाकीजा’त मीनाकुमारी पुढे नाचते आहे आणि मागे, लांब, बाजाराच्या दुसऱ्या बाजूच्या सज्ज्यांत आणखी मुली नाचताहेत. प्रत्येक सज्ज्यात आपापला दिवा. एका बाईची गोष्ट सांगता सांगता अख्खा बाजार दाखवला. यात कलादिग्दर्शक एन. बी. कुलकर्णी यांचा वाटा मोठा. फिल्मफेअरचं कलादिग्दर्शनाचं पारितोषिक त्यांना या चित्रपटासाठी मिळालं. पण तो बाजार कागदावर आखला आणि सुतारांनी ठोकला, एवढ्याने पडद्यावर येत नाही. एवढी खोली एका चौकटीत उजळायची म्हणजे पुढचा दिवा मागच्याला मारणार नाही आणि मागचा पुढच्याला झाकोळणार नाही, हा हिशेब बसावा लागतो. रंगाचा अनुभव बहुतेक नसलेल्या माणसाने तो साठीला टेकताना बसवला.

अमरोही आणि मीनाकुमारी यांचं बिनसलं आणि १९६४ला काम थांबलं. ११ जून १९६७ रोजी मुंबईत विर्शिंग वारला. पुढच्या वर्षी संगीतकार गुलाम मोहम्मद गेले. १९६९ला चित्रीकरण पुन्हा सुरू झालं तेव्हा उरलेलं काम वेगवेगळ्या छायालेखकांनी वाटून पुरं केलं. ४ फेब्रुवारी १९७२ रोजी मराठा मंदिरात ‘पाकीजा’ लागला. ३१ मार्चला मीनाकुमारीही गेली. श्रेयनामावलीत छायालेखक म्हणून नाव योझेफ विर्शिंगचं आहे. पाच वर्षांपूर्वी गेलेल्या माणसाचं. संकलक म्हणून नाव डी. एन. पै यांचं, म्हणजे ‘किस्मत’चे तेच दत्ताराम पै. नंतरच्या छायालेखकांनी कोणते प्रसंग केले ते पडद्यावर सहज ओळखू येत नाही. याचं श्रेय त्यांनाही द्यायला हवं. त्यांनी आपली सही बाजूला ठेवून दुसऱ्याचा हात पुढे चालवला.

विर्शिंगजवळ एक छोटा लायका कॅमेरा असे. सेटवर सुटीच्या क्षणी, बाहेरगावी चित्रीकरणाला गेल्यावर, तो स्वतःसाठी फोटो काढायचा. हजारो फोटो. त्यात देविका राणी आहे, पण केबल ओढणारी माणसंही आहेत, रिफ्लेक्टर धरणारी आहेत, नटीच्या चेहऱ्यावर दिव्याचं माप घेणारी आहेत. आपल्या चित्रपटांच्या इतिहासात असा पुरावा फार थोडा उरला आहे. तो त्याच्या कुटुंबीयांनी जपला. डिसेंबर २०१७ मध्ये गोव्यात सेरेंडिपिटी कला महोत्सवात त्यातल्या निवडक छायाचित्रांचं प्रदर्शन झालं. पुढे देबश्री मुखर्जी यांच्या संपादनाखाली त्यावर ग्रंथही निघाला. त्या छायाचित्रांत मला सर्वांत जास्त वेळ थांबवतात ती सेटवरची गर्दीची. दहा-बारा माणसं कॅमेऱ्याभोवती उभी आहेत, उकाड्याने घामेजलेली, आणि सगळ्यांची नजर चौकटीबाहेर कुठेतरी एकाच ठिकाणी लागलेली. तिकडे कुणीतरी अभिनय करत असणार. मधल्या दोन-तीन चेहऱ्यांना इतिहासात नाव आहे. बाकीच्यांना नाही.

म्हणून शेवटी एक विनंती. मीरा-भाईंदर पट्ट्यात चित्रपट आणि मालिकांत काम केलेली पुष्कळ माणसं राहतात. लाइटमन, कॅमेरा अटेंडंट, सेटचे सुतार, रंगारी. त्यांतले जुने लोक मालाड, गोरेगाव, अंधेरीच्या स्टुडिओंत उमेदीची वर्षं काढून इकडे स्वस्त घर मिळालं म्हणून आलेले आहेत. संयोजकांनी दाराजवळच्या टेबलावर एक वही ठेवली आहे. तुमच्या घरात, चाळीत, इमारतीत असं कुणी असेल तर त्यांनी कोणत्या स्टुडिओत, कोणाच्या हाताखाली, साधारण कोणत्या वर्षी काम केलं एवढं त्यांना विचारून, त्यांची हरकत नसेल तर, वहीत लिहून जा. कुणाकडे सेटवरचे जुने फोटो असतील तर त्यांच्या मागे पेन्सिलीने नावं लिहून ठेवा. शाईने लिहू नका, ती पुढच्या बाजूला फुटते. फोटो आम्हाला नकोत, तुमच्याकडेच राहू द्या. नावं मात्र आजच लिहा.